पडदा बदलला की डोळ्यांचे कामही बदलते

दिवाळीच्या सुट्या लागल्या, अमरावतीला किंवा यवतमाळला शिकणारा मोठा भाऊ लॅपटॉप घेऊन नेरला घरी आला, की धाकट्यांची पहिली मागणी ठरलेली असते : गेम टीव्हीवर लाव. मग कपाटातून एचडीएमआयची वायर निघते. एक टोक लॅपटॉपला, दुसरे टीव्हीला. टीव्हीवर लॅपटॉपचा वॉलपेपर दिसू लागतो आणि सगळे सरसावून बसतात. गेम सुरू होतो तो मात्र लॅपटॉपच्याच छोट्या पडद्यावर. टीव्हीवर नुसता वॉलपेपर.

यात बिघाड काहीच नसतो. दोन पडदे जोडले की संगणक त्यांना एकमेकांना लागून असलेली दोन अंगणे समजतो. साधी खिडकी माउसने ओढत एका अंगणातून दुसऱ्यात नेता येते. गेम मात्र बहुधा ‘फुल स्क्रीन’मध्ये चालतो, म्हणजे एक अख्खे अंगण अडवून बसतो, आणि ओढायला त्याला कडाच उरत नाही. त्याला आधी खिडकीत आणावे लागते. अनेक गेममध्ये ऑल्ट आणि एंटर ही बटणे एकत्र दाबली की ते होते. मग विंडोज, शिफ्ट आणि बाणाचे बटण एकत्र दाबले की खिडकी उडी मारून शेजारच्या पडद्यावर जाते. पुन्हा ऑल्ट-एंटर, आणि गेम टीव्हीभर पसरतो. लॅपटॉपचा पडदा वापरायचाच नसेल तर विंडोज आणि पी दाबून ‘फक्त दुसरा पडदा’ निवडणे त्याहून सोपे.

काम दोन मिनिटांचे. मात्र गेम तोच राहिला तरी त्यानंतर डोळ्यांना, मानेला आणि मेंदूला मिळणारा खुराक बदललेला असतो. अंतर बदलते, नजरेत मावणाऱ्या चित्राचा आकार बदलतो, उजेड बदलतो. बहुतेकांसाठी हा बदल फायद्याचा असतो, अर्थात पडदा नीट ठेवला तर. मोजक्या मुलांसाठी मात्र तो फिट येण्याचे निमित्त ठरू शकतो. म्हणून वायर जोडण्याआधी थोडे समजून घ्यायला हवे.

गेम मोठ्या पडद्यावर न्यायची हौस गेमइतकीच जुनी आहे. १९५८च्या ऑक्टोबरात अमेरिकेतल्या ब्रुकहेवन प्रयोगशाळेत विल्यम हिगिनबॉथम या भौतिकशास्त्रज्ञाने, प्रयोगशाळा बघायला येणाऱ्या लोकांची करमणूक व्हावी म्हणून, ‘टेनिस फॉर टू’ हा खेळ तयार केला. चेंडू म्हणजे प्रकाशाचा ठिपका आणि पडदा म्हणजे ऑसिलोस्कोपची जेमतेम पाच इंची काच. तेवढ्याशा काचेत डोकावून खेळायला लोकांनी रांगा लावल्या. पुढच्याच वर्षी, १९५९मध्ये, तोच खेळ मोठ्या पडद्याच्या ऑसिलोस्कोपवर मांडला गेला. ‘मोठ्यावर लाव ना’ ही मागणी तेव्हापासूनची म्हणायला हरकत नाही.

टेप घ्या आणि मोजा

डोळ्याच्या आतले भिंग जवळचे बघताना फुगते आणि दूरचे बघताना सैल पडते. किती फुगावे लागेल हे मोजायचे गणित शाळेतलेच आहे : १ ला मीटरमधल्या अंतराने भागायचे. येणारा आकडा डायॉप्टर, म्हणजे आपण चष्म्याचा ‘नंबर’ म्हणतो तेच एकक. मोबाइल २५ सेंटिमीटरवर धरला तर डोळ्याला ४ डायॉप्टरचा जोर लावावा लागतो. टेबलावरचा मॉनिटर ६० सेंटिमीटरवर असेल तर सुमारे १.७. तीन मीटरवरच्या टीव्हीसाठी तोच आकडा ०.३ वर येतो. मोबाइलवरचा गेम टीव्हीवर नेला की डोळ्यातल्या त्या स्नायूंना जवळपास सुटीच मिळते.

आता दुसरे माप, आणि इथे बऱ्याच जणांची समजूत चुकते. मोठा पडदा म्हणजे डोळ्यांपुढे मोठे चित्र, असे प्रत्येक वेळी नसते. आडवा धरलेला मोबाइल साधारण १५ सेंटिमीटर रुंद असतो. २५ सेंटिमीटरवरून तो नजरेचा सुमारे ३३ अंशांचा भाग व्यापतो. भिंतीवरचा ३२ इंची टीव्ही तीन मीटरवरून पाहिला तर साडेतेरा अंशच व्यापतो, ५५ इंची असला तरी २३. म्हणजे खोलीच्या पलीकडे बसून पाहिलेला भला मोठा टीव्हीदेखील डोळ्याच्या लेखी हातातल्या मोबाइलपेक्षा लहान असतो. टेबलावरचा २४ इंची मॉनिटर मात्र ६० सेंटिमीटरवरून ४८ अंश व्यापतो. आणि तोच ५५ इंची टीव्ही एक मीटरवर आला की ६३ अंश.

अडचण इथेच होते. मोबाइलची सवय लागलेली मुले टीव्हीसमोरही सरकत सरकत पुढे जातात. वायर दीड मीटरचीच असेल तर दुसरा इलाजही नसतो, कारण लॅपटॉप टीव्हीजवळ आणि खेळणारा लॅपटॉपजवळ. पाच मीटरची वायर किंवा बिनवायरचा कंट्रोलर घेतला तर आपोआप अंतर पडते. चष्म्यावर होणाऱ्या खर्चाच्या मानाने हा खर्च काहीच नाही.

निळा प्रकाश अडवणाऱ्या चष्म्यांचे मात्र तसे नाही. पडद्यासमोर बसल्याने येणारा डोळ्यांचा थकवा या काचांनी कमी होतो का, हे पाहणाऱ्या प्रयोगांचा कॉक्रेनने २०२३मध्ये आढावा घेतला. साध्या काचांच्या तुलनेत निदान थोड्या काळात तरी काही फायदा दिसला नाही. त्या पैशांत लांब वायर येते.

नंबर वाढण्याचा प्रश्न वेगळा. मुलांना लांबचे धूसर दिसू लागते त्याला आनुवंशिकता, जवळून बघण्याची सवय आणि उघड्यावर घालवलेला वेळ अशी अनेक कारणे आहेत. एकट्या गेमवर खापर फोडता येत नाही. उपाय मात्र चांगला तपासलेला आहे. चीनमधल्या ग्वांगझूच्या शाळांत पहिलीतल्या मुलांच्या दिवसात उघड्यावरची ४० मिनिटे वाढवली. तीन वर्षांनी त्या शाळांत ३०.४ टक्के मुलांना मायनस नंबर लागला होता, बाकीच्या शाळांत ३९.५ टक्क्यांना. २०१५मध्ये हे निष्कर्ष प्रसिद्ध झाले. उन्हाचा तुटवडा नेरला कधीच नसतो. फक्त मार्च ते जूनमध्ये सकाळी नऊच्या आतले किंवा संध्याकाळचे मैदान गाठावे लागते.

भिंतीवर उंच टांगलेला टीव्ही

आपल्याकडे टीव्ही लावतात तो कपाटाच्या किंवा दरवाज्याच्या उंचीला. पलंगावर रेलून मालिका बघायला ते ठीक. खाली सतरंजीवर बसून तासभर गेम खेळणाऱ्या मुलाची मान मात्र सतत वर. शिवाय वर पाहताना पापण्या जास्त उघडतात आणि डोळ्यांवरचा अश्रूंचा थर लवकर सुकतो. एरवी मिनिटाला पंधराएक वेळा लवणारी पापणी पडद्यासमोर निम्म्यावर किंवा त्याहूनही खाली येते, गेम रंगात आला की विचारायलाच नको. त्यात पंख्याचा झोत थेट तोंडावर असला तर अर्ध्या तासात डोळे चुरचुरू लागतात. मुले ते चोळतात आणि घरचे म्हणतात, टीव्हीने डोळे लाल झाले. पडद्याची वरची कड डोळ्यांच्या रेषेत किंवा थोडी खाली हवी. टीव्ही खाली आणणे शक्य नसेल तर मुलाला खुर्चीवर बसवावे आणि पंख्याची दिशा बदलावी.

दोन मॉनिटर शेजारी मांडून काम करणाऱ्यांची गोष्ट थोडी निराळी. समोरच्या मॉनिटरवर ऑफिसचे काम चालू आणि गेम बाजूच्या मॉनिटरवर ढकललेला, अशी मांडणी हल्ली दिसते. पाच मिनिटांसाठी चालेल. दोन तास खेळायचे तर मान एका बाजूला वळून आखडते. ज्या पडद्याकडे जास्त वेळ बघायचे तो नाकासमोर हवा, गेम असो की हिशेब. दोन्ही पडद्यांचा उजेडही सारखा करून घ्यावा. एक लखलखीत आणि दुसरा मंद असेल तर प्रत्येक वेळी नजर वळवताना डोळ्याला जुळवून घ्यावे लागते. चाळिशी ओलांडलेल्यांनी आणखी एक गोष्ट तपासावी. दुहेरी काचेच्या चष्म्यातून मॉनिटर बघताना हनुवटी वर उचलावी लागत असेल, तर मानदुखीचे मूळ त्या चष्म्यातच असू शकते.

मोठ्या पडद्याजवळ बसून धावपळीचा गेम खेळताना काहींना मळमळते, गरगरते. हा घाटातल्या एसटीत होणाऱ्या त्रासाचा उलटा प्रकार. एसटीत शरीर हलते आणि नजर पुस्तकावर स्थिर असते. इथे डोळे सांगतात की आपण पळतोय आणि कानाच्या आतले तोल सांभाळणारे इंद्रिय सांगते की आपण बसलोय. चित्र नजरेचा जितका मोठा भाग व्यापेल तितका हा गोंधळ जास्त. मागे सरकून बसले की बहुधा थांबतो.

बदकांची बंदूक का चालेना?

ज्यांचे बालपण नव्वदीत गेले, त्यांना टीव्हीला जोडायचा कॅसेटचा व्हिडिओ गेम आठवत असेल. त्यासोबत प्लॅस्टिकची एक बंदूक यायची. पडद्यावरच्या उडत्या बदकावर नेम धरायचा, चाप ओढायचा, बदक खाली. मूळ खेळ निन्टेन्डो या जपानी कंपनीचा, १९८४चा. आपल्याकडे आल्या त्या बहुतेक त्याच्या स्वस्त नकला. आज कुणी माळ्यावरून तो गेम काढून मुलांना दाखवायला एलईडी टीव्हीला जोडला, तर मारिओ उड्या मारतो. बदके मात्र मरत नाहीत. बंदूक खराब झाली असे वाटते. खरे तर बदललेला असतो तो पडदा.

त्या बंदुकीतून काहीच सुटत नाही. उलट तिच्या नळीत प्रकाश टिपणारा छोटा डोळा असतो. चाप ओढताच गेम क्षणभर पडदा काळा करतो आणि बदकाच्या जागी पांढरा चौकोन दाखवतो. आधी काळे आणि मग पांढरे बंदुकीला दिसले की नेम लागला. हे इतक्या झटक्यात होते की खेळणाऱ्याला नुसती लुकलुक जाणवते. जुन्या फुगीर काचेच्या टीव्हीत इलेक्ट्रॉनचा झोत एकेक ओळ रंगवत वरून खाली येई. आपल्याकडच्या टीव्हीत असे सेकंदाला ५० वेळा घडे. झोत पुढे गेला की मागची ओळ मंदावू लागे. म्हणजे तो टीव्ही सतत लुकलुकत असे आणि बंदूक त्या लुकलुकीच्या तालावरच बेतलेली होती. एलईडी टीव्हीत चित्र सलग उजळलेले राहते, ओळीओळीची लुकलुक नसते. शिवाय चित्र दाखवण्याआधी टीव्ही त्यावर थोडी प्रक्रिया करतो आणि त्यात काही मिलिसेकंद जातात. बंदूक पाहते तेव्हा पांढरा चौकोन आलेलाच नसतो. नवा गेम टीव्हीवर नेल्यावर ‘बटण दाबले तरी गडी उशिरा उडी मारतो’ अशी तक्रार ऐकू येते, तिचे मूळही याच उशिरात आहे. टीव्हीच्या सेटिंगमधला ‘गेम मोड’ चालू केला की ही प्रक्रिया कमी होते.

बंदुकीला ज्या लुकलुकीची गरज होती, तीच काही जणांच्या मेंदूला सोसत नव्हती.

चमकणारा उजेड आणि फिट

मिरगीच्या म्हणजे अपस्माराच्या शंभर रुग्णांपैकी साधारण तिघांना चमकणाऱ्या उजेडाने किंवा ठळक हलत्या पट्ट्यांनी फिट येऊ शकते. हा प्रकार सात ते एकोणीस या वयात जास्त आढळतो. म्हणजे नेमके गेमचे वय. मेंदूचा दृष्टीशी संबंधित भाग अशा वेळी एका तालात पेटतो आणि ती लाट पसरते. सेकंदाला १५ ते २५ वेळा होणारी चमक सर्वांत त्रासदायक. पण ५० वेळा लुकलुकणारा जुना टीव्हीही, जवळ बसले तर, काहींना पुरेसा असे. त्या दृष्टीने पडदे बदलले हे चांगलेच झाले.

तरी धोका संपलेला नाही, कारण पडदा स्थिर असला तरी गेममधले स्फोट, विजा आणि गोळीबार चमकतच असतात. १६ डिसेंबर १९९७ला जपानमध्ये ‘पोकेमॉन’ मालिकेच्या एका भागात लाल आणि निळा रंग सेकंदाला सुमारे १२ वेळा आलटून पालटून चमकला. त्या संध्याकाळी सुमारे ६८५ मुलांना रुग्णालयात न्यावे लागले. त्यांतल्या अनेकांना आधी कधीच फिट आलेली नव्हती. ठळक चमक सेकंदाला तीनपेक्षा जास्त वेळा नसावी, असा दंडक टीव्ही कार्यक्रमांसाठी अनेक ठिकाणी पाळला जातो. गेम सुरू होताना येणारी सूचना याच संदर्भातली असते. ती वाचायला कुणी थांबत नाही, हा भाग वेगळा.

गेम मोठ्या पडद्यावर नेण्याचा संबंध इथे येतो. चमक नजरेचा जितका मोठा भाग व्यापेल तितका धोका अधिक. म्हणून तीन मीटरवरचा टीव्ही अशा मुलांसाठी मोबाइल किंवा जवळच्या मॉनिटरपेक्षा सुरक्षित, आणि एक मीटरवरचा टीव्ही सर्वांत वाईट. सिनेमाचा माहोल यावा म्हणून खोलीतला दिवा बंद करणे ही दुसरी चूक. अंधारात चमक अधिक ठळक होते. तिसरी चूक जागरणाची. झोप अपुरी असताना मेंदू फिटला लवकर बळी पडतो, त्यामुळे सुटीत रात्री दोनपर्यंत रंगलेला गेम अशा मुलांसाठी दुहेरी धोक्याचा. खेळताना पडदा एकदम जोरात चमकू लागला आणि विचित्र वाटू लागले तर एक डोळा तळहाताने पूर्ण झाकून तोंड फिरवावे. नुसते डोळे मिटून उपयोग नाही. पापण्यांतून लालसर उजेड आत जातोच.

फिट आलीच तर घरातल्यांची धांदल उडते आणि कुणीतरी चप्पल किंवा कांदा हुंगवायला धावतो. त्याने काही होत नाही. फिट बहुधा दोन-तीन मिनिटांत आपोआप थांबते आणि श्रेय चपलेला जाते. दातांत चमचा किंवा बोटे घालू नयेत, दात तुटतात आणि श्वासाला अडथळा होतो. हातपाय दाबून धरू नयेत. आसपासच्या टोकदार वस्तू बाजूला कराव्यात, डोक्याखाली काही मऊ ठेवावे, मुलाला कुशीवर वळवावे, पडदा बंद करावा आणि घड्याळ बघावे. फिट पाच मिनिटांहून जास्त चालली, शुद्धीवर न येता दुसरी आली किंवा ती आयुष्यातली पहिलीच असेल, तर १०८ला फोन करावा. फिट थांबून मूल पूर्ण सावध होईपर्यंत पाणीही पाजू नये.

मिरगी हा बाधेचा प्रकार नाही, मेंदूचा आजार आहे आणि बहुतेकांमध्ये औषधांनी तो आटोक्यात राहतो. ग्रामीण रुग्णालयातून पुढच्या तपासण्यांसाठी नेरच्या रुग्णाला यवतमाळच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाची वाट धरता येते. तिथे जाताना काही गोष्टी आठवून किंवा कागदावर लिहून न्याव्यात : पडदा कोणता होता, मूल किती लांब बसले होते, दिवा चालू होता की बंद, आदल्या रात्री किती झोप झाली होती, फिट किती मिनिटे चालली. जवळच्या कुणी मोबाइलवर फिटचे चित्रीकरण केले असेल तर डॉक्टरांना ते फार उपयोगी पडते. उजेडाचा संशय असेल तर ईईजी काढताना मुलाच्या डोळ्यांपुढे एक दिवा धरतात. तो आधी सावकाश आणि मग वाढत्या वेगाने चमकतो, आणि कोणत्या वेगाला मेंदूचा आलेख बिघडतो हे शेजारी पाहिले जाते. आलेख बिघडू लागताच दिवा बंद करतात.